दोन खोल्यांची शाळा आणि एक वही

(अकादमीच्या वार्षिक व्याख्यानाचे लिखित रूप)



बोलावणं आलं तेव्हा विषय माझ्यावर सोपवला होता. सीमाभागातल्या शाळांत आयुष्यभर मराठी शिकवलेली बाई सीमाभागाबद्दलच बोलणार, असं तुम्ही धरून चालला असाल. ते मी बऱ्याच ठिकाणी बोलले आहे आणि तुम्ही बऱ्याच ठिकाणी ऐकलं आहे. आज मी एका दुसऱ्या शाळेबद्दल बोलणार आहे. तिला दोन खोल्या होत्या, एक स्वयंपाकघर होतं आणि पन्नासेक मुलं होती. ती अमेरिकेतल्या ॲरिझोना राज्यात, नवाहो लोकांच्या राखीव प्रदेशात होती. मी तिथे दोन वर्षं शिकले. शाळेचं नाव सांगणार नाही, कारण पुढे जे सांगायचं आहे त्यात तिची थोडी बदनामी आहे, आणि माझी जास्त.

माझे वडील डॉक्टर होते. १९७१ साली तिथल्या एका लहानशा इस्पितळात दोन वर्षांसाठी त्यांना काम मिळालं. त्यांनी घरी येऊन 'रिझर्वेशनवर जायचंय' असं सांगितलं, तेव्हा आमच्या आजीला वाटलं रेल्वेचं रिझर्वेशन झालं. मी नऊ वर्षांची होते आणि बेळगावात कॉन्व्हेंटमध्ये शिकत होते. आई निपाणीजवळच्या खेड्यातली, मराठी सातवी झालेली. तिला इंग्रजी येत नव्हतं.

हा प्रदेश केवढा, ते आधी सांगते. आजच्या हिशोबाने सुमारे ७१,००० चौरस किलोमीटर. त्यात आपला गोवा एकोणीस वेळा बसेल. ॲरिझोना, न्यू मेक्सिको आणि यूटा या तीन राज्यांत तो पसरलेला आहे. लाल खडक, खुरटी जुनिपरची झाडं आणि मैलोगणती कुणी नाही. आम्ही राहत होतो तिथली उंची १,९०० मीटरच्या आसपास, त्यामुळे हिवाळ्यात बर्फ पडायचं. रस्ते मातीचे. बर्फ वितळलं की त्या मातीचा असा राडा व्हायचा की शाळेची पिवळी बस अर्ध्या वाटेत रुतून बसे आणि मोठी मुलं उतरून ती ढकलत. पुष्कळ घरांत वीज नव्हती. पाणी पवनचक्कीच्या विहिरीवरून पिंपांत भरून आणायचं. पहिल्या दिवशी आई म्हणाली, "अमेरिका म्हणून आणलंत, हे तर आमच्या रानासारखंच आहे की!" आणि समोरून मेंढरांचा कळप घेऊन एक म्हातारी आली, तेव्हा आईचं माहेर पुरतं झालं. तिच्या गावी धनगर येऊन शेतात बकरी बसवत, हे तिने लहानपणापासून पाहिलेलं.

ती म्हातारी म्हणजे माझ्या मैत्रिणीच्या आईची आई. दोघींचीही नावं मी घेणार नाही. एक तर ती खासगी माणसं, आणि दुसरं म्हणजे तिथे उठसूट कुणाचं नाव घ्यायची रीत जुन्या लोकांत नव्हती. नात्याने हाक मारायची. आईच्या आईला 'शिमासानी' म्हणत. मीही तेच म्हणू लागले.

स्वतःची ओळख करून देताना नवाहो माणूस चार कुळं सांगतो: आईचं, वडिलांचं, मग आईच्या वडिलांचं आणि वडिलांच्या वडिलांचं. माणूस मोजला जातो तो आईच्या कुळात. मैत्रीण कडू पाण्याच्या कुळातली, वडील उंच घराच्या कुळातले. शिमासानीने मला माझं कूळ विचारलं. मी आईकडे पाहिलं. आईने विचार केला आणि आमचं देवक सांगितलं, कळंब. मैत्रिणीने 'झाडाचे लोक' असं भाषांतर केलं. म्हातारीला ते पसंत पडलं. पण ते वडिलांकडून आलं आहे हे कळल्यावर तिने माझ्याकडे ज्या कळवळ्याने पाहिलं, तो कळवळा मला अजून आठवतो. आईविनाच मोजलेली पोर!

हे लोक स्वतःला 'दिने' म्हणवतात. रोमन लिपीत 'द'ने लिहितात. पण माझ्या कानाला तो कधीच 'द' वाटला नाही, 'त' वाटला. मी वहीत 'तिने' असं लिहून ठेवलं होतं. तिने केलं, तिने सांगितलं, तसं. मोठेपणी वाचलं तेव्हा कळलं की कान बरोबर होता. त्या भाषेत रोमन 'डी'ने लिहिलेला वर्ण अघोष, अल्पप्राण असतो आणि 'टी'ने लिहिलेला महाप्राण. इंग्रजीला हा भेद धड दाखवता येत नाही. आपल्या वर्णमालेत त, थ शेजारी शेजारीच बसलेले आहेत. मोटारीला त्यांचा शब्द इंजिनाच्या आवाजावरून आला म्हणतात. मी तो 'छिती' लिहिला होता, आणि आज त्यात मी काही दुरुस्त करणार नाही. डोंगराच्या शब्दाची सुरुवात आपल्या 'चाक'मधल्या 'च'ची. आमच्या बाईंना ती जन्मात जमली नाही, मला पहिल्या दिवशी जमली. नाकातले स्वर तर गोव्यात कुणाला शिकवायला नकोत. मात्र घशात अडवून फोडायचे त्यांचे काही वर्ण मला कधीच आले नाहीत. मी प्रयत्न केला की मुलं हसून लोळत.

ही वही माझी गणिताची. पुढून गणितं आणि मागून हे शब्द. शाळेला 'ओल्था', म्हणजे जिथे वाचलं जातं, मोजलं जातं ते. शिक्षकासाठी जो शब्द होता त्याचा अर्थ मैत्रिणीने सांगितला, 'ज्याच्यासाठी वाचतात तो'. आम्ही बाईंसाठी वाचतो, स्वतःसाठी नाही, असं तिचं म्हणणं. यावर शिक्षकांनी विचार करावा. मी पुष्कळ वर्षं केला.

आईची आणि शिमासानीची दोस्ती कशी जमली हे घरात कुणालाच कळलं नाही. एकीला मराठी, दुसरीला नवाहो, इंग्रजी दोघींना नाही. आई मागाशेजारी जाऊन बसे. त्यांचा माग उभा असतो आणि विणणारी जमिनीवर बसते. म्हातारी लोकर माग म्हणे, चाती माग म्हणे, पाण्याचं भांडं माग म्हणे, आणि आई देई. काही दिवसांनी आई मला म्हणाली, "ही प्रत्येक वेळी 'दे' वेगळं म्हणते बघ." मैत्रिणीला विचारलं तर ती म्हणाली, वेगळं असणारच! वाटोळी घट्ट वस्तू द्यायला एक क्रियापद, लांब ताठ काठी द्यायला दुसरं, दोरीसारखं लवचीक द्यायला तिसरं, कागद किंवा कापड द्यायला चौथं, भांड्यात भरलेलं द्यायला आणखी एक. जिवंत कोकरू द्यायला तर निराळंच. मी थक्क झाले. आई नाही झाली. ती म्हणाली, "मग आपण तरी काय करतो? साडी नेसतो, झंपर घालतो, शाल पांघरतो, गजरा माळतो, फेटा बांधतो. साडी घातली म्हणालं तर आजी रागावते ना?" पुढे कितीतरी वर्षं मी वर्गात क्रियापदं शिकवताना ही सातवी पास बाईची ओळ वापरली आणि श्रेय दिलं नाही. ते आज देते.

आता शाळेकडे येते. थोडा इतिहास आधी सांगायला हवा, नाहीतर ती शाळा समजणार नाही. १८६४ साली अमेरिकन सैन्याने नवाहो लोकांना त्यांच्या मुलखातून हाकून जवळपास ५०० किलोमीटर चालवत बोस्के रेडोंडो इथे नेलं. आठ हजारांहून अधिक माणसं तिथे डांबली होती. पुष्कळ मेली. १ जून १८६८ रोजी तह झाला आणि उरलेले परत आले. त्या तहात एक कलम शिक्षणाचं आहे. सहा ते सोळा वर्षांच्या मुलामुलींना शाळेत घालायचं, आणि दर तीस मुलांमागे सरकारने एक शाळागृह आणि इंग्रजी शिक्षण देणारा एक शिक्षक पुरवायचा. पुढे मुलांना घरापासून तोडून निवासी शाळांत ठेवलं गेलं. स्वतःची भाषा बोलल्याबद्दल मार बसे, साबणाने तोंड धुतलं जाई. आणि याच भाषेचा १९४२ पासून पॅसिफिकच्या युद्धात संकेतभाषा म्हणून उपयोग झाला. पहिल्या तुकडीत २९ नवाहो तरुण होते. त्यांच्या संकेतात कासव म्हणजे रणगाडा आणि बटाटा म्हणजे हातबॉम्ब. १९६८ पर्यंत हे गुपित राहिलं.

मी पोचले तोवर वारं बदललं होतं. आमच्यापासून दीड-दोन तासांवर रफ रॉक नावाच्या गावी १९६६ मध्ये नवाहो लोकांनी स्वतः चालवलेली शाळा सुरू झाली होती. तिथे मुलं दोन्ही भाषांत शिकत आणि संध्याकाळी वसतिगृहात म्हातारी माणसं येऊन गोष्टी सांगत. लिपीचा प्रश्नही तोवर सुटलेला होता. रॉबर्ट यंग आणि विल्यम मॉर्गन यांचा भाषेवरचा ग्रंथ १९४३ मध्येच आला होता, आणि मॉर्गन स्वतः नवाहो होते. पण वारं सगळ्या खोल्यांत एकदम शिरत नाही. आमच्या खोलीत मार नव्हता, साबण नव्हता. एक यादी होती.

बाई वाईट नव्हत्या. दूरच्या गव्हाळ मुलखातून एकट्या आलेल्या, चाळिशीच्या. हिवाळ्यात फाटक्या बुटांची मुलं दिसली की स्वतःच्या पगारातून बूट आणत. त्यांचा मनापासून समज होता की ही मुलं इंग्रजीत कच्ची राहिली तर त्यांचा पुढे निभाव लागणार नाही. म्हणून वर्गात इंग्रजीखेरीज दुसरं काही बोललं की नाव यादीत, आणि नाव आलं की शाळा सुटल्यावर अर्धा तास थांबून फळे पुसायचे, खोली झाडायची. यादी ठेवायला कुणीतरी हवं. बेळगावच्या कॉन्व्हेंटची मुलगी इंग्रजी घडाघडा वाचत होती. ते काम माझ्याकडे आलं.

मला त्याचा अभिमान वाटला. हे सांगायला साठ वर्षांची व्हावं लागलं. त्याच गणिताच्या वहीत, मधल्या पानांवर, मी नावं लिहू लागले. मागच्या पानांवर त्यांच्या भाषेतले शब्द आणि मधल्या पानांवर ते शब्द बोलणाऱ्यांची नावं. यात काही विपरीत आहे हे मला कळलं नाही. माझं स्वतःचं नाव यादीत येण्याचा प्रश्न नव्हता, कारण मराठी बोलायला वर्गात दुसरं कुणी नव्हतंच.

१९७२ चा नोव्हेंबर. सकाळपासून पाऊस आणि बर्फ मिसळून पडत होतं. मैत्रीण बाईंना म्हणाली, मला तीन वाजता सोडा, माझी आई आजारी आहे, तिला आज दूर नेणार आहेत. बाईंनी वळून स्वयंपाकघराच्या खिडकीकडे बोट दाखवलं. मैत्रिणीची आई शाळेच्या स्वयंपाकघरात कामाला होती आणि त्या क्षणी ती तिथे ताटल्या विसळत होती. मुलं हसली. मैत्रीण पुन्हा म्हणाली, माझी आई. बाई म्हणाल्या, खोटं बोलण्यापेक्षा सरळ घरी जायचंय म्हण. मैत्रिणीने खिडकीतून आईला त्यांच्या भाषेत काहीतरी सांगितलं. बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी नाव लिहिलं.

आता माझ्या वहीतलं मागचं पान बघा. 'शिमा' म्हणजे माझी आई. 'शिमा याझी' म्हणजे माझी छोटी आई, आईची बहीण. समोर मी माझ्या हाताने लिहिलं होतं: मावशी. इंग्रजी बोलताना मैत्रीण 'छोटी' गाळायची, कारण बाई 'लिटल मदर' ऐकून हसत. मावशी ही आईच, हे मला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. 'माय मरो आणि मावशी उरो' म्हणणाऱ्या मुलखातून मी आले होते. ती मावशी तीन दिवस आमच्याच इस्पितळात होती, हे मला बाबांच्या बोलण्यातून ठाऊक होतं. त्या खोलीत दोन्ही बाजू समजणारी मी एकटी होते. 'आँट' हा शब्द मला येत होता. तेवढा एक शब्द पुरला असता. मी बोलले नाही. भीती नव्हती, खरं सांगते. बाईंचं म्हणणं चुकलं असं सगळ्यांसमोर होऊ नये, मी त्यांच्या बाजूची होते, एवढंच.

तीन वाजता पिकअप आली. मैत्रिणीची आई दारात येऊन उभी राहिली. तिला इंग्रजी जेमतेम येत होतं, आणि शिक्षकांसमोर गप्प उभं राहायचं हे ती लहानपणीच शिकलेली असावी. बाईंनी अर्धा तास असं बोटाने दाखवलं. रस्ता चिखलाचा होत चालला होता, पिकअप थांबू शकत नव्हती. ती गेली. मैत्रिणीने फळे पुसले आणि नंतर इतर मुलांबरोबर बसने घरी गेली. बाबा रात्री उशिरा आले. जेवताना म्हणाले, त्या बाईला साडेतीनला अल्बुकर्कीच्या मोठ्या इस्पितळात पाठवलं, जाईपर्यंत दाराकडे बघत होती.

ती परत आली नाही.

मैत्रीण चार दिवस शाळेत नव्हती. मग आली आणि नेहमीसारखी माझ्या शेजारी बसली. रागावली नव्हती, निदान दाखवलं नाही. मला माफी मागायची होती. पण त्यांच्यात गेलेल्या माणसाबद्दल बोलत नाहीत. नाव घेत नाहीत, विषयही काढत नाहीत. माफी मागायची तर मावशीचा विषय काढावा लागणार, म्हणजे एक चूक झाकायला दुसरी करायची. आईला सांगितलं. तिने मला रागावलं नाही, त्याचंच जास्त लागलं. तिने भाकऱ्या केल्या, मक्याच्या पिठाच्या, कारण ज्वारी तिथे मिळत नव्हती, आणि शिमासानीकडे घेऊन गेली. म्हातारीने आम्हाला निळ्या मक्याची पेज दिली. त्यात जुनिपरच्या पाल्याची राख घालतात. कुणी काही बोललं नाही. मीही प्यायले.

त्या हिवाळ्यात मैत्रिणीने मला दोरीचे खेळ शिकवले. दोरीची गाठ मारून कडं करायचं, दोन्ही हातांच्या बोटांत अडकवून तारे करायचे, विजा करायच्या, घर करायचं. हे खेळ हिवाळ्यातच खेळतात. कोल्ह्यासारख्या त्या लबाड प्राण्याच्या, कायोटीच्या, गोष्टीही हिवाळ्यातच सांगतात. साप आणि अस्वलं निजलेली असताना. मे महिन्यात मी दोरी मागितली तर तिने सरळ नकार दिला. मला नवल वाटलं नाही. कहाण्या श्रावणात वाचायच्या आणि हादग्याची गाणी हस्त लागल्यावर म्हणायची, हे मला माहीत होतं. पौषात हादगा कोण खेळतं?

१९७३ च्या जूनमध्ये आम्ही परतलो. बेळगावच्या माझ्या शाळेत, तिचंही नाव नको, मराठी किंवा कानडी बोललं की दहा पैसे दंड होता. मी अमेरिकेहून आलेली, म्हणून दंडाची वही माझ्याकडेच आली. मी नाही म्हणाले नाही, तेवढी हिंमत नव्हती. महिनाभर एकही नाव लिहिलं नाही, तेव्हा वही काढून दुसरीला दिली.

आपण मराठीवाले सीमाभागात स्वतःला सोसणाऱ्यांच्या रांगेत धरतो, आणि पुष्कळदा ते खरंही असतं. पण मी मराठी शाळेत शिकवत होते. माझ्या वर्गात कानडी घरातली मुलं होती, धनगरांची होती, पुढे तर झारखंडातून आलेल्या वीटभट्टीवाल्यांचीही होती. 'घरचं घरी बोला' हे वाक्य मी स्वतः किती वेळा उच्चारलं असेल? त्याची यादी कुणी ठेवली नाही, हे माझं नशीब. एकदा एका मुलाने 'माझे दोन बाप आहेत' असं लिहिलं म्हणून शिक्षकांच्या खोलीत हशा झाला. त्याला चुलत्यासाठी मराठी शब्द आठवला नव्हता, एवढंच. तेव्हा मी बोलले. उशिरा, पण बोलले.

तिकडचंही थोडं सांगते. फोर्ट डिफायन्स, जिथे एकोणिसाव्या शतकात सरकारने नवाहो मुलांसाठी शाळा काढली होती, तिथेच १९८६ पासून नवाहो माध्यमाचे वर्ग सुरू झाले. सुरू झाले तेव्हा अडचण अशी निघाली की शाळेत येणाऱ्या फारच थोड्या मुलांना घरची भाषा येत होती. आमच्या वर्गात यादी भरेल इतकी नवाहो बोलली जायची. पंधरा वर्षांत हा फरक.

वही माझ्याजवळ आहे. आज आणली आहे, पण दाखवणार नाही, मधल्या पानांवर नावं आहेत. त्या मुलांची परवानगी मी घेतलेली नाही. मागच्या पानांत एक दोरी आहे, शिमासानीने कातलेल्या लोकरीची, तपकिरी. निघायच्या दिवशी मैत्रिणीने दिली. जून होता, म्हणून तिने ती गुंडाळी करूनच हातात ठेवली आणि म्हणाली, हिवाळ्यात उघड. बेळगावला आल्यावर पंचाईत झाली. इथे बर्फ नाही, आणि साप कधी निजतात कुणास ठाऊक. हिवाळा केव्हा धरायचा? शेवटी आईला विचारलं. ती तांदूळ निवडत होती. वर न बघता म्हणाली, "मार्गशीर्ष धर."